माझ्या स्वप्नात न आलेली देवी

आजाराला नुसती नावानं हाक मारायची नसते, त्याच्याशी नातं लावून बोलायचं असतं, असा आमच्या घरमालकिणीचा नियम होता. गोवर म्हणजे 'धाकटी बाय'. कांजण्या म्हणजे 'मधली'. आणि ज्या आजाराला बाकीचे लोक 'देवी' म्हणत, ती 'थोरली'. तिघी सख्ख्या बहिणी. थोरली तापट, मधली चावट, धाकटी लाडावलेली. सर्दी-पडशाला मात्र काही नातं नव्हतं. "ते भाडोत्री हाय, येतंय नि जातंय," असं त्या म्हणायच्या.

थोरली त्यांच्या लहानपणी येऊन त्यांच्या चेहऱ्यावर मुक्काम करून गेली होती. गालांवर, कपाळावर, अगदी नाकाच्या शेंड्यावरही वण होते, आणि त्या वणांचा त्यांना भारी अभिमान. "गावात येवढी घरं, पन उतरली कुठं, तर माज्याकडं," असं सांगताना त्या गालावरून असा हात फिरवायच्या, की ऐकणाऱ्या बाईला आपल्या तुळतुळीत गालांची लाज वाटावी.

मी तेव्हा नुकतीच नर्स झालेली. जगातलं कुठलंही चुकीचं वाक्य माझ्या समोरून दुरुस्त झाल्याशिवाय पुढे जात नसे. मी लगेच म्हणाले, "आत्या, देवीचा रोग आता कुणालाच होत नाही. तो जगातून कायमचा घालवला."

"कोनी?"

"सरकारनं. लस टोचून टोचून."

आत्यांनी दारासमोरच्या तुंबलेल्या गटाराकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. "ह्या सरकारनं? ह्यांना गटार काढता येत न्हाय, ह्यांनी देवी काढली?"

आज मला नातवंडं आहेत, त्यांना मी कशालाही उत्तर देऊ शकते. याला अजून सुचलेलं नाही.

सगळी आळी त्यांना आत्या म्हणायची. भिवंडीतल्या टेमघरात त्यांच्या सासऱ्यांची भातशेती होती. कापडाचे लूम वाढत गेले तसं शेत मागे सरत गेलं आणि बांधाच्या जागी खोल्या उभ्या राहिल्या. एका रांगेत लूमवर काम करणारी बिऱ्हाडं, समोरच्या रांगेत आमच्यासारखे पगारदार. आळीच्या तोंडाशी आत्यांची लोखंडी घडीची खुर्ची आणि दुसऱ्या टोकाला कडुलिंबाखाली देवीची घुमटी. खुर्चीपासून घुमटीपर्यंत त्यांचं राज्य. नगरपालिकेचं राज्य त्यापलीकडे सुरू व्हायचं.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. माझं नुकतंच लग्न झालेलं. मी जवळच्याच शेलार गावची, बौद्ध घरातली. भाड्यानं खोली मागायला गेलं की पुढचा प्रश्न कोणता येतो ते आम्हाला पाठ होतं, आणि आमचे हे उत्तर जुळवूनच आले होते. आत्यांनी आम्हाला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, "सुकट खाता?"

"खातो."

"वालत घातली, वास सुटला, तर दार आपटनार न्हाय?"

"नाही."

"मंग ऱ्हावा."

पुढे ओळख वाढल्यावर मीच विचारलं, "आत्या, तुम्ही आमची जात कशी नाही विचारलीत?" तर म्हणाल्या, "आदी एक भाडोत्री ठेवला व्हता जात बघून. लय वरची जात. माज्या सुकटीवर अगरबत्ती लावायचा मेला."

भिवंडीत तेव्हा कुणी हळू बोलत नसे. लूमच्या खडखडाटात हळू बोलून उपयोग काय? शुक्रवारी लूम बंद असायचे, आणि त्या शांततेत आळीत साधी चौकशी चालली असली तरी मारामारी पेटल्यासारखी वाटायची. आत्यांचा आवाज सगळ्यांत वरचा. आणि त्या तो सगळ्यांत जास्त वापरायच्या देवीशी बोलायला.

रोज सकाळी घुमटीसमोर हळदकुंकू वाहून झालं, की त्या हात जोडायच्या नाहीत, कमरेवर ठेवायच्या. आणि सुरू. "बाय, तिसऱ्या खोलीतल्यानं रातभर नल उघडा टाकला. बघून घे त्याच्याकडं. आनि त्या टोकाच्या पोरीनं कचरा माज्या दारात लोटला. तिला काय करू नको, नवीन हाय, पन ध्यानात ठेव." हे सगळं एवढ्या मोठ्यानं, की देवीला ऐकू गेलं असो-नसो, तिसऱ्या खोलीतला माणूस बनियनवर धावत जाऊन नळ बंद करायचा. भाडेकरूला त्यांनी तोंडावर कधी एक शब्द बोलल्याचं मला आठवत नाही. सगळं वरून यायचं.

हीच युक्ती त्यांनी नव्वदच्या दशकात पोलिओच्या थेंबांच्या वेळी वापरली. तोवर आम्ही स्वतःच्या घरात राहायला गेलो होतो, पण माझं बूथ टेमघरातच लागलं होतं. लोकांत काहीबाही बोललं जात होतं. थेंबांनी पोरं पुढे वांझ होतात, अमकं होतं, तमकं होतं. मी आत्यांना गाठलं. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, "ह्या रोगाची बाय कोन?"

"याची कुणी देवी नाही, आत्या."

"कोनीच न्हाय?"

"नाही."

"मंग घाल पोरांच्या तोंडात. इचारायचं कोनाला?"

आणि खुर्ची उचलून त्या बूथशेजारी येऊन बसल्या. कुणी रिकाम्या हातानं समोरून गेला की आभाळाकडे तोंड करून ओरडायच्या, "बाय, ह्याच्या घरात बारकी पोरं हायत, ह्यानं आनली न्हाय, बघून घे!" लूमवाल्या मुसलमान बिऱ्हाडांतली माणसंही पोरं उचलून धावत आली. आझमगडची एक भाभी मला म्हणाली, "हम कहाँ मानते हैं देवी को, सिस्टर. लेकिन मालकिन ने नाम ले के बोल दिया ना!"

पण हे फार पुढचं. आत्यांना असं वापरता येतं, हे मला कळलं ते त्यांनी आधी मला वापरल्यानंतर.

त्या काळची मी कशी होते हे सांगायला हवं. कडक स्टार्चची पांढरी साडी, उलटं लावलेलं घड्याळ, हातात बर्फाचा निळा डबा आणि चेहऱ्यावर असा भाव, की सूर्य उगवण्याआधी माझी परवानगी घेतो. बाबा आमच्या विहारात दर रविवारी बावीस प्रतिज्ञा म्हणून घ्यायचे. देवदेवता मानणार नाही, हे मी त्यात सगळ्यांपेक्षा मोठ्यानं म्हणायची. नोकरी लागल्यावर तर मला वाटायला लागलं, की टेमघरातला अंधार दूर करायला सरकारनं नेमकं मलाच पाठवलंय. मी ओटीवर बायका जमवून भाषण द्यायची. दर दोन वाक्यांनी 'शास्त्रीयदृष्ट्या'. शेवटी विचारायची, "कुणाला काही शंका?" एकदा एका बाईनं हात वर केला. मला भरून आलं. तिनं विचारलं, "बाय, ही साडी इस्तरीला देतेस, की घरीच करतेस?"

अशा मला, त्या वर्षी, गोवराची साथ भेटली.

पहिलं मूल टोकाच्या खोलीतलं, लूमवाल्याचं. अंगावर पुरळ, डोळे लाल, खोकला. आत्यांनी दारातूनच बघितलं आणि आळीला हुकूम गेला, धाकटी आली. धाकटी आली की काय काय बंद होतं हे मला तेव्हा कळलं. फोडणी बंद, कारण तेल तडतडलं की तिच्या अंगाची आग होते. केस विंचरणं बंद. विळी, कात्री बंद. आणि सुई बंद. सुई तर अजिबात नाही, कारण ती ज्या अंगात उतरलीय त्याच्या आसपासदेखील टोचणं म्हणजे तिलाच टोचणं. आजारी पोराला कुणी दटावायचं नाही. त्याला अहो-जाहो करायचं, 'बाय' म्हणायचं. तो शेंबडा पोरगा उशीला टेकून बसलेला आणि त्याचा बाप त्याला विचारतोय, "बाय, पानी पिनार काय?"

हा नियम एका घराला नव्हता, सबंध आळीला होता. आझमगडच्या भाभीच्या घरीही बिनफोडणीची डाळ. तिचा नवरा शिफ्टवरून आला की ताटाकडे बघून म्हणायचा, "देवी इनकी, मेहमान इनकी, और रोज़ा हमारा."

सुई बंद म्हणजे माझा सगळा कारभार बंद. लशीची कुपी एकदा फोडली की काही तासांत संपवावी लागते, नाहीतर फेकायची. मी डबा घेऊन ओटीवर बसायची, समोर कोंबड्या. पोरं पटापट आजारी पडत होती. आत्यांकडे गेले तर म्हणाल्या, "पाहुनी घरात बसलीय आनि तू सुई घेऊन दारात उभी? तुज्या आईनं हेच शिकवलं?"

आत्यांची एक नात होती, नऊ-दहा महिन्यांची. मुलाच्या लग्नाला बरीच वर्षं झाल्यावर, नवससायास सगळं करून थकल्यावर झालेली. तिला सगळे बबडी म्हणायचे. बबडी रांगत रांगत माझ्या खोलीत यायची आणि माझ्या पांढऱ्या साडीला धरून उभी राहायची, म्हणून माझी स्टार्चची साडी गुडघ्याखाली नेहमी चुरगळलेली आणि ओली. तिला लस टोचलेली नव्हती. आणि तिच्या दारापासून चार हातांवर पोरं खोकत होती.

मग एका पहाटे बातमी आली, की पलीकडच्या आळीतलं एक मूल गेलं. गोवर ओसरला होता, पण छातीत कफ भरला. आत्या त्या घरी जाऊन आल्या आणि त्या दिवशी घुमटीकडे फिरकल्याच नाहीत. नळ दिवसभर वाहिला, कुणी तक्रार केली नाही.

संध्याकाळी त्यांची सून माझ्या दारात आली. पदरानं तोंड झाकून म्हणाली, "सिस्टर, हिला गुपचूप टोचता काय?"

"टोचते की. आण."

"पन नंतर ताप आला तर? सगली बोलतील, मीच देवीला दुखावलं. मना घरात ठेवतील काय?" आणि बबडीला छातीशी धरून, न टोचताच परत गेली.

म्हणजे आत्यांनी हो म्हटल्याशिवाय काही होणार नव्हतं. मी आमच्या ह्यांना म्हणाले, "शास्त्रीयदृष्ट्या बोलून झालं. आता त्यांच्याच भाषेत बोलते." हे म्हणाले, "तुला त्यांची भाषा येते का?" नवऱ्यांना कधी कधी नको तेव्हा नेमका प्रश्न पडतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या खुर्चीत बसून सूप मांडीवर घेऊन सुकट निवडत होत्या. मी समोर उभी राहिले आणि म्हणाले, "आत्या, काल माझ्या स्वप्नात देवी आली होती."

त्यांचा हात थांबला. "तुज्या?"

"हो."

"तुमी तर मानत न्हाय."

"म्हणून तर मलाच आश्चर्य वाटलं."

या उत्तरावर मी अजूनही खूश आहे. याच्यानंतरचं सगळं चिखलात गेलं.

"लुगडं कंच्या रंगाचं?"

"हिरवं."

"नथ व्हती?"

"होती की. मोठी."

"कंच्या नाकपुडीत?"

नर्सिंगच्या तोंडी परीक्षेत मी कधी अडखळले नव्हते. माणसाच्या डाव्या-उजव्या अंगातलं सगळं मला पाठ होतं. पण आमच्या घरात देवीची तसबीर नाही आणि माझ्या आईनं आयुष्यात नथ घातली नाही. मी ठोकून दिलं, "उजव्या."

आत्यांनी सुकटीतून एक खडा काढला आणि लांब फेकला. "पायांत?"

"चपला."

"चपला?"

"म्हणजे... दारात काढल्या तिनं."

"रीतभात हाय माज्या बायला," आत्या म्हणाल्या. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. "बोलली काय?"

मी घसा साफ केला. "म्हणाली, माझ्या सर्व बालकांना गोवर-प्रतिबंधक लस विनाविलंब देण्यात यावी."

"अशी बोलली?"

"अशीच."

"दवंडी दिल्यासारखी?"

मी साडीच्या निऱ्या सारख्या केल्या.

"माज्याशी कधी अशी बोलत न्हाय," त्या सूप खाली ठेवत म्हणाल्या. "तू शिकलेली. तुज्याशी तसं बोलली आसंल."

आणि उठल्या. हात पुसले. लूमच्या आवाजावर चढलेला तो आवाज आजही माझ्या कानात आहे. "ऐका गं सगल्या! बाय सिस्टरच्या सपनात येऊन गेली! सिस्टर आता माजी भाडोत्री न्हाय, बायची मानसं हायत!" बघा, मी एका रात्रीत अनेकवचनी झाले.

बाहेर पडायला वाटच राहिली नाही. मंगळवार ठरला. कडुलिंबाखाली पाट मांडला, त्यावर मी. माझी खणानारळानं ओटी भरली. कपाळाला कुंकू, तेही चांगलं रुपयाएवढं. बर्फाच्या निळ्या डब्याला झेंडूचा हार. एक म्हातारी माझ्या पाया पडून विचारू लागली, की तिच्या सुनेनं बांगड्या माहेरी नेऊन ठेवल्यात का. मी म्हणाले, मला माहीत नाही. म्हातारी मागे वळून सगळ्यांना म्हणाली, "सांगत न्हाय, म्हंजे हायत तिथंच."

मी उकळून आणलेल्या सुया डबीतून काढल्या, तशी एक बाई हळदकुंकवाचं बोट घेऊन सुईकडे निघाली. मी जीव खाऊन किंचाळले, "सुईला हात लावायचा नाही! सगळे मागे व्हा!"

सगळी आळी गुडघ्यांवर बसली. कुणीतरी म्हणालं, "आली, आली, अंगात आली!"

आणि याच मुहूर्तावर आळीच्या तोंडाशी माझे बाबा उभे होते. शेलारहून, हातात लेकीसाठी भेंडीची पिशवी. त्यांनी बघितलं: कडुलिंब, घुमटी, झेंडू, पाटावर त्यांची बावीस प्रतिज्ञावाली मुलगी, कपाळभर कुंकू, ओटीत नारळ, आणि समोर गुडघ्यांवर बसलेल्या बायका. त्यांनी पिशवी खाली ठेवली. मला वाटलं, आता माझं माहेर संपलं.

ते जवळ आले. खालच्या आवाजात म्हणाले, "हे काय चाललंय?"

"लसीकरण," मी म्हणाले.

"आणि तू कोण?"

"नर्स, बाबा. शपथेवर. मी काहीही मानत नाही. त्या मानतात."

बाबांनी गर्दीकडे बघितलं. आळीतलं यच्चयावत पोर तिथं होतं. त्यांनी बोटानं पोरं मोजली. मग म्हणाले, "टोचून घे आधी. तुझं मी नंतर बघतो." आणि जाताना म्हणाले, "नारळ घरी आण. वाया घालवू नको."

पण टोचायचं कुणाला? नमस्कार सगळ्यांनी केला, पोर पुढे कुणीच करेना. पहिली सुई आपल्या पोराला नको, असा प्रत्येकीचा चेहरा. सगळ्या आत्यांकडे बघत होत्या. आत्या घुमटीकडे बघत होत्या. त्या दिवशी त्या मोठ्यानं काही बोलल्या नाहीत. ओठ हलले, आवाज आला नाही. मग सुनेच्या कडेवरून त्यांनी बबडीला घेतलं आणि माझ्यासमोर बसल्या. बबडीचा दंड त्यांनी नुसता दोन बोटांत धरला. मी म्हणाले, "आत्या, घट्ट धरा, हलली तर लागेल." त्यांनी डोळे मिटून धरलं. मी टोचलं. बबडी अशी रडली, की आळीतल्या कोंबड्या पळाल्या. त्यानंतर पाच मिनिटांत रांग लागली आणि मला मान वर करायला उसंत मिळाली नाही. आझमगडची भाभी आपला मुलगा पुढे करत म्हणाली, "देवी का काम हो गया हो, तो हमारा भी कर दो."

पुढचा आठवडा मी आळीत मिरवले. हे खरं आहे, लपवत नाही. बायका मला नळावर पहिला नंबर द्यायच्या आणि मी घ्यायची. शास्त्रीयदृष्ट्या त्यात काही गैर नव्हतं.

मग बबडीला ताप आला.

लशीनंतर आठ-दहा दिवसांनी कधी कधी ताप येतो, हे मला माहीत होतं. तो एक-दोन दिवसांत उतरतो, हेही माहीत होतं. पण लस टोचायच्या आधीच धाकटी तिच्या अंगात शिरलेली असली तर? गोवराचा तापही त्याच सुमाराला चढतो. बाहेरून बघून कळायला मार्ग नव्हता. मी दर तासाला जाऊन काखेत थर्मामीटर लावत होते, आणि तो बघताना चेहरा असा ठेवत होते, की हे सगळं माझ्या वेळापत्रकानुसार चाललंय. नळावरचा माझा पहिला नंबर आपोआप गेला. कुणी काही बोललं नाही. नुसत्या बघायच्या. सून एका कोपऱ्यात बसून होती, माझ्याकडे बघतही नव्हती. आत्या बबडीला मांडीवर घेऊन बसलेल्या, जेवायला उठत नव्हत्या. मी म्हणाले, "आत्या, मी धरते थोडा वेळ." त्या म्हणाल्या, "नको. सवय हाय मना."

दुसऱ्या दिवशी ड्युटीवर जाताना मी घुमटीवरून गेले. हात जोडले नाहीत. प्रतिज्ञा म्हणजे प्रतिज्ञा. पण डोक्यावरून पदर मात्र घेतला, आणि स्वतःला सांगितलं, की ऊन आहे. सकाळचे सात वाजले होते.

त्या संध्याकाळी ताप उतरला. पुरळ नाही, खोकला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी बबडीनं माझ्या स्वच्छ साडीवर भाताचा हात पुसला, आणि मी तिला ओरडले नाही.

शुक्रवार होता. लूम बंद. आत्यांनी मला हाक मारली. शुक्रवारच्या शांततेत त्यांनाही हळू बोलता येतं, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. बबडी त्यांच्या पायाशी बसून सुपाची कड चावत होती.

"सिस्टर," त्या म्हणाल्या, "नथ डावीकडं घालतात."

मी ओटीच्या पायरीवर बसले. "तुम्हाला तेव्हाच कळलं?"

"चपलांच्या आधीच कललं."

"मग बोलला का नाहीत? सगळ्या आळीत दवंडी कशाला पिटलीत?"

त्यांनी बबडीकडे बोट केलं. "माजी पयली पोर हिच्यायेवढी व्हती. धाकटी आली. मी सगलं पाललं. फोडनी न्हाय, सुई न्हाय, पोरीला 'बाय, बाय' बोलून हाक मारत व्हते. तरी घेऊन गेली." सुपातला कचरा त्यांनी बोटानं बाजूला सारला. "ते मी तिला अजून बोलले न्हाय कधी. नलाचं बोलते, कचऱ्याचं बोलते. ते तोंडातून येत न्हाय."

माझ्याकडे त्या विषयावर भाषण नव्हतं.

"ह्या टायमाला हिला टोचून घ्यायची, हे मनात व्हतं माज्या," त्या म्हणाल्या. "पन मी कशी बोलू? घुमटी माजी. मीच पाहुनीला दार लावलं, तर ती रुसनार न्हाय? मी वाट बघत व्हते, कोन बोलतंय. तू आलीस. तुजी नि तिची ओलखच न्हाय. तुज्यावर ती कशाला रुसंल?"

म्हणजे मी आत्यांना फसवायला गेले होते तेव्हा त्या खुर्चीत बसून माझीच वाट बघत होत्या. मी नथ डावीकडे घातली असती काय आणि कानात घातली असती काय, मंगळवार ठरलेलाच होता.

पण मी शेवटी मीच होते, मला चूक दिसली की राहवायचं नाही. मी म्हणाले, "पण आत्या, मी खोटं बोलतेय हे तुम्हाला माहीत होतं. माहीत असून तुम्ही ऐकलंत. मग देवी तुमच्यावरच रुसली असेल की."

"रुसली आसंल," आत्या म्हणाल्या. त्यांनी बबडीच्या तोंडातून सूप सोडवलं, तिला उचलून मांडीवर घेतलं आणि जिथं टोचलं होतं त्या दंडावर अंगठा फिरवला. "ती रुसली तर मी समजूत काढीन तिची. आमचं जुनं हाय. ही गेली असती, तर मी कोनाची समजूत काढनार व्हते?"